पहिल्या कोकराचा पाला

घोडीचा मागचा पाय निसटला आणि तिच्या पाठीवरचं सगळं बिऱ्हाड एका अंगाला कललं.

“दावं सोडू नगंस गं! दावं धर!” वरच्या वळणावरून आत्या ओरडल्या.

मी दावं धरलं. टाचा मुरमात रोवल्या, दात आवळले. घोडी थरथरली, फुरफुरली आणि कशीबशी उभी राहिली. वाकळा राहिल्या, तवा राहिला, कोंबड्यांचं डालगं राहिलं. वाकळेच्या घडीत खोचलेलं एक पिवळं फडकं तेवढं सुटलं आणि कारवीच्या शेंड्यांवरून, पाखरू उतरावं तसं, दरीत उतरत गेलं. दिसेनासं होईपर्यंत मी बघत राहिले.

आत्या धापा टाकत खाली आल्या. “काय पडलं का?”

“काय न्हाई.”

“पाला हाय न्हवं नीट?”

“हाय की.”

तीस वर्षं झाली. ते ‘हाय की’ अजून माझ्या दातांत अडकलंय.

आत्या म्हणजे माझ्या सासूबाई, मायाक्का. माझ्या बापाची सख्खी बहीण, म्हणून लग्नाआधीही आत्या आणि लग्नानंतरही आत्या. आम्ही माणदेशातले धनगर. दिवाळी सरली की मेंढरं घेऊन घाट उतरायचा, कोकणातल्या भात कापलेल्या खाचरांत ती बसवायची, लेंडीखताच्या बदल्यात शेतकऱ्यानं भात द्यायचं, आणि आभाळ भरायच्या आत पुन्हा घाट चढायचा. आमच्या घरात एक रीत होती. बिरुबाच्या दगडापाशी आमच्या माळावर एक लिंब आहे, कडुलिंब. चार कोसांत तेवढंच झाड. निघताना त्याची डहाळी हळदीच्या फडक्यात बांधून सासू नव्या सुनेच्या हवाली करते. वाटेत ती भुईला टेकू द्यायची नाही. सालातलं पहिलं कोकरू जन्मलं की त्याच दिवशी, सूर्य बुडायच्या आत, सुनेनं तो देवाचा पाला त्याच्या ओठाला लावायचा. मग कळपाला रोग शिवत नाही.

आत्यांनी तो पाला स्वतःच्या हातांनी माझ्या कनवटीला बांधला होता. घाट उतरताना तो कमरेत टोचायला लागला, म्हणून मी काढून वाकळेत खोचला. एवढंच. सतरा वर्षांची होते मी.

खाली उतरल्यावर नदीच्या उताराला त्यांनी पुन्हा विचारलं, “बायना, पाला भिजला न्हाई न्हवं?”

“न्हाई आत्या.”

त्यांनी माझ्याकडं जरा जास्त वेळ बघितलं. मग लुगडं गुडघ्यापर्यंत ओढलं आणि पाण्यात पाय घातला.

त्या साली गाव नवं होतं. आमच्या नेहमीच्या खोऱ्यात धरणाचं पाणी शिरलं होतं, तेव्हा मालकांनी पुढं जाऊन दुसऱ्या गावात बोलणी केली होती. मालकांचं नाव म्हाकू. नवऱ्याचं नाव घ्यायची आमच्यात चाल नाही, पण गोष्टीपुरतं घेते. ज्याच्या खाचरात आम्ही उतरलो तो धाकू नावाचा कुणबी, बुटका, हसरा माणूस. त्याची बायको जानकी माझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठी.

माणदेशात नजर टाकली की ती आभाळ टेकतं तिथवर जाते, आडवं कुणी येत नाही. इथं नजर चार पावलांवर झाडाला आपटायची. खाचराच्या वरच्या अंगाला तर झाडांची भिंतच उभी होती. काळीशार, दाट, भर दुपारी आत अंधार.

“ते काय गं?” मी जानकीला विचारलं.

“ती व्हय? ती देवाची रहाट, देवराई,” जानकी म्हणाली. “समदी झाडा देवाचीच.”

“समदी?”

“मग! तुमच्याकडं देवाला झाडा नायत?”

“एक हाय. लिंब.”

“येकच?” ती पदर तोंडाला लावून हसली. “मग तुमचा देव उन्हातच बसतो का गो?”

मीही हसले. आमचा देव उन्हातच बसतो हे खरंच होतं. तिनं मला सुक्या बोंबलाचा तुकडा दिला, मी नाक मुरडलं. मी तिला बाजरीच्या भाकरीचा तुकडा दिला, तिनं नाक मुरडलं. दोघी पुन्हा हसलो. पण त्या रहाटीत काय करायचं नाही ते तिनं मला सांगितलं नाही. गावातल्या पोराटोरांना जे कळतं ते सांगायचं असतं, हे तिला तरी कुठं ठाऊक?

पाचव्या दिवशी उन्हं डोक्यावर असताना चांदी मेंढी व्याली. बाकीचे गडी कळप घेऊन नदीपल्याड गेले होते. वाड्यावर, म्हणजे आमच्या तळावर, आम्ही तिघं, गाभण्या मेंढ्या आणि काळ्या कुत्रा. कोकरू पांढरंधोप, एका कानावर करडा ठिपका. आत्यांनी त्याच्या नाकातला चिकटा काढला, ते उभं राहिलं, पडलं, पुन्हा उभं राहिलं. आत्या गुणगुणायला लागल्या:

पयलं गं कोकरू, ओठी देवाचा गं पाला
बिरुबा माझा सखा, मेंढरामागं चालला

मग ओवी थांबवून, माझ्याकडं न बघता म्हणाल्या, “बायना. पाला हाय न्हवं?”

तीनदा विचारलं त्यांनी. मी बोटावर मोजलंय.

“आणते,” मी म्हणाले.

विळा कमरेला खोचून मी बांधाआडून वर गेले. मनाशी म्हणत होते, देवाचा पाला तो देवाचा पाला. बिरुबा काय आणि इथला देव काय, दोघं एकमेकांचे सोयरेच असतील. आमच्या देवाकडं एक झाड, ह्याच्याकडं हजार. एका डहाळीनं त्याचं काय कमी होणार? आत शिरले तर पायाखाली पानांचा थर गुडघ्याएवढा. कुणी एक काटकीसुद्धा उचललेली नव्हती. मला वाटलं, किती आळशी लोक. असणा म्हणतात ते एक झाड हाताला आलं. मी हात जोडले. “देवा, कोकरासाठी नेते,” असं मोठ्यानं म्हणाले आणि विळा ओढला.

असण्याच्या झाडाला रक्त असतं हे मला ठाऊक नव्हतं. आमच्याकडं ते झाड नाही. घाव बसला तिथून लालभडक चीक निघाला, थेंब थेंब, विळ्यावर, माझ्या मनगटावर. मी घाबरून पानाला हात पुसले. विळा पुसला, पण डाग काही जाईना. डहाळी पदराखाली घेऊन पळत सुटले. वाटेत पानं गळत होती, तिकडं माझं लक्ष नव्हतं.

कोकरू मांडीवर घेतलं, पान त्याच्या ओठाला लावलं. आत्या शेजारी बसल्या होत्या. लिंबाच्या पानाला दाते असतात. हे पान गोल, गुळगुळीत. आत्यांची नजर त्या पानावर थबकली.

“ह्यो पाला कुठला गं?”

मी तोंड उघडलं, तेवढ्यात काळ्या भुंकायला लागला.

बांधावरून माणसं येत होती. तीस असतील, चाळीस असतील. कोयते, दांडकी, एकाच्या हाती मुसळ. सगळ्यांत पुढं गावचा गुरव, साठीचा, काटकुळा, उघड्या अंगाचा. त्याच्या मुठीत असण्याची चार पानं होती, रहाटीपासून खाचरापर्यंत एकेक करून वेचलेली.

“कोनी तोडलान?” त्याचा आवाज चिरकला. “देवाच्या झाडाला लोखंड कोनी लावलान?”

म्हाकू वाघर शिवत होता, मेंढरांभोवती लावायची ती जाळी. तो उठला. “काय झालं बाबा?”

“रगत आलाय झाडाला! सात पिढ्यांत कोनी काडी उचलली नाय तितली. तुमी भिकारडे घाटी आलाव आन…”

“तोंड सांभाळा. आमच्यातलं कुणी तिकडं गेलं न्हाई.”

“आन ही पाना चालत आली?”

म्हाकू वळला, माझ्या मांडीवरचं कोकरू उचललं आणि डोक्यावर धरलं. “ह्या पयल्या कोकरावर हात ठिवून सांगतो. बिरुबाची आण. आमचा हात लागला आसंल तर माझा कळप बसल्या जागी मरू दे.”

धनगर अशी आण उगाच घेत नाही. त्याला काय ठाऊक! आता बोलले तर नवऱ्याची आण खोटी, कळप मेला, आणि नाही बोलले तर… मी नाही बोलले.

कुणीतरी दांडकं फेकलं. काळ्यानं झेप घेतली. एका पोरगेल्या माणसानं कोयता असा फिरवला की झेपेतच काळ्याचं पोट उघडलं. तो खाली आला आणि स्वतःचीच आतडी ओढत माझ्याकडं सरपटायला लागला. शेपूट हलवत. मग सगळंच सुटलं. वाघर तोडली गेली. गाभण्या मेंढ्या धडपडत पळाल्या, पोरांनी त्यांच्या मागच्या पायांवर कोयते घातले. मेंढी ओरडत नाही हो फारशी. ती गुडघ्यावर बसते, आणि बघते.

म्हाकूनं कोकरू माझ्याकडं टाकलं आणि कुऱ्हाड उचलली.

“म्हाकू, नगं!” आत्या.

“थांबा रं! थांबा, माजी पावनी हायत ती!” हे धाकूचं ओरडणं. तो घरून पळत आला होता, दोन्ही हात पसरून मधेच उभा राहिला, तोंड गावाकडं, पाठ आमच्याकडं. म्हाकूच्या डोळ्यांत तेव्हा पाठ आणि तोंड, कोण आपला आणि कोण परका, काही उरलं नव्हतं. कुऱ्हाड खाली आली ती धाकूच्या खांद्यात. हाड फुटल्याचा आवाज ओल्या लाकडासारखा असतो. धाकू वळला, म्हाकूकडं बघितलं, आणि हसरा माणूस होता तो, त्याचं तोंड तसंच राहिलं. मग तो बसला.

त्यानंतर त्यांनी म्हाकूला पाडलं. कितीजण होते सांगता येत नाही. नुसते पाय दिसत होते आणि वर-खाली होणारी दांडकी. मुसळवाल्यानं त्याचा उजवा गुडघा दगडावर ठेवून घेतला, भाताला घालावेत तसे तीन घाव घातले. चौथ्याला म्हाकूचं ओरडणं थांबलं. काळ्याला कापणाऱ्यानं त्याचे केस धरून मान मागं ओढली. कोयता वर गेला.

माझं तोंड उघडं होतं. कोकरू छातीशी होतं, त्याचं काळीज माझ्या काळजावर टकटक करत होतं. आवाज फुटला नाही. मी देवाला म्हटलं, आवाज दे. त्यानं दिला नाही, का मीच घेतला नाही, कोण जाणे.

माझ्या कमरेला हिसका बसला. आत्यांनी माझा विळा ओढून घेतला होता. तो डोक्यावर धरून त्या गर्दीत शिरल्या.

“सोडा त्याला! म्या तोडला. ह्यो बघा माझा विळा!”

पात्यावर असण्याचा लाल डाग सुकून काळा पडला होता. कोयता वरच थांबला. एक जखमी मेंढी तेवढी खोकत होती.

गुरव पुढं आला. डाग बघितला, हुंगला. “तू? बाय, तू म्हातारी मानूस…”

“व्हय. लेकाला ठावं नव्हतं. त्याची आण खोटी न्हाई. माझी एकलीची करणी.”

“का तोडलास?”

“कोकरासाठी.”

गुरव थरथरत होता. मला वाटलं संतापानं; पण तो रडत होता. “माज्या आजाच्या वक्ताला एक फांदी तुटली व्हती. येक. पटकी आली. सात दिसांत सोळा मढी उचलली गावानं, त्यात माजे दोन चुलते, अंगावरची पोरा. आजा सांगत सांगत मेला. मी आता काय करू, बाय? गावाला काय सांगू? देवाला रगताच्या बदली काय देऊ?”

आत्यांनी खाली पडलेल्या लेकाकडं बघितलं. त्याच्या छातीचा भाता चालू होता. मग त्या माझ्याकडं वळल्या. फार वेळ नाही, मान वेळावण्यापुरत्याच. आणि बांधाच्या दगडापाशी जाऊन बसल्या, आणि उजवा हात दगडावर ठेवला. भाकरी थापायला ठेवावा तसा, बोटं पसरून.

“ह्यो हात,” त्या म्हणाल्या. “घे आन जा. लेकराला सोड.”

कोयता कुणीतरी गुरवाच्या हातात दिला. त्यानं डोळे मिटून घातला. चार बोटं भाताच्या खुंटांत पडली. आत्या ओरडल्या नाहीत. “हं” म्हणाल्या फक्त, जड ओझं खाली ठेवताना म्हणतात तसं.

गुरवानं ती बोटं पानात घेतली आणि रहाटीकडं चालता झाला. त्याच्यामागं माणसं. धाकूला चौघांनी घोंगडीवर घातलं. जानकी त्याच्या मागं धावता धावता थांबली, माझ्यासमोर आली. माझ्या मनगटावर चिकाचे डाग होते. तिनं ते बघितले.

“सांगतलं व्हतं ना तुला,” ती कुजबुजली. “देवाची झाडा हायत म्हनून सांगतलं व्हतं ना गो!”

“म्हणून तर,” मी म्हणाले. “देवाची म्हणून तर.”

तिला ते कळलं की नाही, मला ठाऊक नाही. मग तिनं आपला पदर दातांनी टरकावला, पट्टी माझ्या अंगावर टाकली आणि धाकूच्या घोंगडीमागं पळाली. तिनं ते डाग कुणाला सांगितले नाहीत. धाकू जगला, पण त्याचा हात पुन्हा वर गेला नाही, असं पुढं कानावर आलं. पोलिसात कुणी गेलं नाही. दोन्हीकडं रक्त सांडलं होतं.

मी आत्यांकडं धावले. त्यांनी तुटका हात कनवटीत खुपसून दाबून धरला होता. लुगडं भिजून काळं झालं होतं. हात बाहेर घ्यावा म्हणून मी कनवट सोडली.

आत एक पिवळं फडकं होतं. हळदीचं. गाठ मारलेली.

मी ते ओळखलं. माझं तर दरीत गेलं होतं. मी गाठ सोडली. आत लिंबाचा पाला, सुकलेला, दात्यादात्याचा, कडेनं रक्तानं ओला झालेला.

“आत्या… तुमच्यापाशी व्हता?”

“दरसाल आसतो.” त्यांचे ओठ पांढरे पडले होते. “माझाबी पडला व्हता गं घाटात. पयल्या साली.”

“मग बोलला का न्हाई?”

“तीनदा इचारलं की, बायना.”

मी जानकीच्या पदरानं हात बांधत होते, आणि गाठ काही बसत नव्हती. आत्यांनी डाव्या हातानं फडकं माझ्याकडं सरकवलं.

“रड मागनं. उन्हं बघ कुठं गेली. लाव जा त्याला.”

सूर्य रहाटीच्या शेंड्याला टेकला होता. मी पाला कोकराच्या ओठाला लावला. त्यानं जीभ काढली आणि त्यावरचं रक्त चाटलं.

म्हाकू जगला. गुडघा वाकायचा बंद झाला. शुद्धीवर आल्यावर त्याला चारचौघांनी सांगितलं, तुझ्या आईनं देवाचं झाड तोडलं, त्याचं हे फळ. मी तिथंच बसले होते. आत्यांनी माझ्याकडं बघून डोळ्यांनीच ‘गप’ म्हटलं आणि मी गप बसले. खरं सांगते, मला तेवढंच हवं होतं. त्या दिवसापासून म्हाकू आईशी बोलला नाही. अकरा वर्षं. तिच्या हातचं खाल्लं नाही. “तिला सांग, मेंढरं हाकल म्हणावं,” असं माझ्याकरवी. आमची माणसं तिला लग्नाकार्यात हळदीला बोलवत नसत. देवाच्या झाडाला लागलेला हात म्हणत. आत्या डाव्या हातानं धारा काढायला शिकल्या. माझ्या पोरांना खेळवताना त्या बोटं नसलेल्या तळव्यावर हरभरे ठेवायच्या. मला एकदाही काही म्हणाल्या नाहीत. त्यापेक्षा मारलं असतं तर बरं होतं.

अकराव्या साली, घाटावर, आपल्याच माळावर आत्या गेल्या. बाया आंघोळ घालून बाजूला झाल्या. मातीला न्यायच्या आधी मी म्हटलं, जरा थांबा. लिंबापाशी गेले, डहाळी घेतली, हळदीच्या फडक्यात बांधली आणि त्यांच्या कनवटीला गाठ मारली.

म्हाकू दाराशी काठीवर रेलून उभा होता. इतका वेळ आत आला नव्हता.

“काय बांधलंस तिला?”

“पाला,” मी म्हणाले. “पयल्या कोकराचा.”

“तिला कशाला? देवाचं झाड तोडलेल्या हाताला?”

मी उठले, त्याला हाताला धरून आत घेतलं आणि दार लोटून घेतलं. बाहेर माणसं ताटकळली होती.

“बसा,” मी म्हणाले. “उभ्यानं ऐकायचं न्हाई हे.”

त्यानं काठी सोडली, न वाकणारा पाय हातानं उचलून बाजूला सारला, आणि भिंतीला धरून, हळूहळू, आईच्या त्या हातापाशी खाली बसला.